किनमाँट विली

सोळाव्या शतकात इंग्लंड आणि स्कॉटलंड ही वेगवेगळी राज्ये होती. त्यांच्या सरहद्दीवर सततच्या लढायांनी शेते उजाड होत. कायदा नावापुरताच होता. म्हणून अनेक घराणी रात्री घोड्यांवरून जाऊन शेजाऱ्यांची गुरे पळवत. विल्यम आर्मस्ट्राँग ऊर्फ किनमाँट विली हा अशाच एका स्कॉटिश घराण्यातला नामांकित लुटारू. त्याच्या धाडींनी कित्येक संसार उघड्यावर पडले.

पण या मुलखातही एक नियम होता. तंटे मिटवण्यासाठी दोन्ही बाजू ठरलेल्या दिवशी एकत्र जमत. दुसऱ्या दिवशी सूर्य उगवेपर्यंत कोणी कोणाला पकडायचे नाही, असा करार असे. मार्च १५९६ मध्ये अशा सभेहून परतणाऱ्या विलीला इंग्रजांनी पकडले आणि कार्लाइलच्या किल्ल्यात कोंडले. करार मोडला, तोही कायदा राखणाऱ्यांनी! स्कॉटलंडचा सरहद्द-अधिकारी बक्लू याने त्याची सुटका मागितली, पण व्यर्थ. अखेर १३ एप्रिलच्या वादळी रात्री बक्लूच्या स्वारांनी किल्ल्यात शिरून विलीला सोडवले. राणी एलिझाबेथ फार संतापली.

१६०३ मध्ये दोन्ही राज्यांचा राजा एकच झाला आणि त्याने धाडी कठोरपणे मोडून काढल्या.

मित्रांनो, विली गुन्हेगार होता, यात शंका नाही. पण गुन्हेगाराला दिलेला शब्दही पाळायला नको का? तुम्हीच विचार करा.