खाशाबा जाधव आणि त्यांचे वडील

आपल्या महाराष्ट्रात अनेक थोर खेळाडू होऊन गेले. त्यांत मला खाशाबा जाधव फार आवडतात. त्यांचा जन्म १५ जानेवारी १९२६ रोजी सातारा जिल्ह्यात कराडजवळ गोळेश्वर या गावी झाला. त्यांच्या वडिलांचे नाव दादासाहेब. ते स्वतः पहिलवान होते. त्यांना पाच मुलगे. खाशाबा सर्वांत धाकटे.

खाशाबा पाच वर्षांचे झाले तेव्हा वडिलांनी त्यांना कुस्तीच्या मातीत उतरवले. पाच वर्षांचे म्हणजे आपल्याकडे अंगणवाडीतलं पोर! तालमीतली माती तांबडी असते. तिच्यात ताक, तेल, हळद घालून ती मऊ करतात. त्या मातीत जोर काढायचे, बैठका मारायच्या आणि डाव शिकायचे. खाशाबांचे पहिले वस्ताद त्यांचे वडीलच.

पुढे खाशाबा कराडच्या टिळक हायस्कुलात आणि मग कोल्हापूरच्या राजाराम कॉलेजात शिकले. १९४८ साली ते लंडनच्या ऑलिंपिकला गेले. तिथे माती नव्हती, गादी होती. गादीवरच्या कुस्तीची त्यांना सवय नव्हती. त्यांचा सहावा नंबर आला. पण ते खचले नाहीत.

१९५२ साली फिनलंड देशात हेलसिंकीला ऑलिंपिक होते. जायला पैसे नव्हते. लोकांनी वर्गणी काढली. प्राचार्य खर्डेकरांनी तर आपले घर गहाण ठेवून ७,००० रुपये दिले. खाशाबांनी तिथे कॅनडा, मेक्सिको आणि जर्मनीच्या पहिलवानांना हरवले आणि कांस्यपदक जिंकले. स्वतंत्र भारताला एकट्या खेळाडूने मिळवून दिलेले ते पहिले ऑलिंपिक पदक. गावी शंभरावर बैलगाड्यांची मिरवणूक निघाली. नंतर खाशाबांनी कुस्त्यांचे फड भरवून खर्डेकरांचे पैसे फेडले. १९५५ साली ते पोलीस खात्यात लागले. १४ ऑगस्ट १९८४ रोजी अपघातात ते वारले. २०२४ पासून त्यांचा जन्मदिवस महाराष्ट्रात राज्य क्रीडा दिन म्हणून पाळतात.

खाशाबांची गोष्ट वाचताना मला माझे बाबा आठवले. बाबा रापण ओढून दमून येतात. तरी सांजवेळी मला आणि ताईला वेळेवर पळायला नेतात. वाळूत काठीने रेघ मारतात आणि तिथून आम्हाला पळवतात. ताईच्या तालुक्याच्या स्पर्धेला बाबा गेले, तेव्हा रापणीचा त्यांचा त्या दिवसाचा वाटा बुडाला. ताईचा नंबर पण आला नाही. शेजारचे म्हणाले, पळून काय पोट भरतं? बाबा काहीच बोलले नाहीत. दुसऱ्या दिवशी त्यांनी परत रेघ मारली.

मी ताईला सांगितलं की खाशाबांचा पण आधी सहावा नंबर आला होता. पदक चार वर्षांनी मिळालं. ताई हसली आणि पळायला आली.

मुलांनो, पदक मुलाच्या गळ्यात दिसते, पण पहिला डाव बापाने शिकवलेला असतो. खाशाबांना आणि दादासाहेबांना माझा नमस्कार.

— इयत्ता चौथी