देहदंड रद्द करणारा राजा : टस्कनीचा लिओपोल्ड

अठराव्या शतकात इटलीमध्ये टस्कनी नावाचे एक लहानसे स्वतंत्र राज्य होते. फ्लॉरेन्स ही त्याची राजधानी. युरोपातील बलाढ्य सत्तांच्या मानाने त्याचे सैन्य नगण्य होते. तथापि देहदंड कायद्याने संपूर्णपणे रद्द करण्याचा मान आधुनिक युरोपात प्रथम याच राज्याला मिळाला. हे कार्य पीटर लिओपोल्ड या राजाच्या हातून घडले.

लिओपोल्डचा जन्म ५ मे १७४७ रोजी व्हिएन्ना येथे झाला. ऑस्ट्रियाची सम्राज्ञी मारिया थेरेसा ही त्याची आई. १७६५ मध्ये वडिलांच्या निधनानंतर, वयाच्या अठराव्या वर्षी, तो टस्कनीच्या गादीवर आला. त्या वेळी प्रजा दुष्काळाने गांजली होती. त्याने धान्यव्यापारावरील बंधने उठविली, दलदलीच्या जमिनी कोरड्या करण्याची कामे हाती घेतली आणि १७८२ मध्ये इन्क्विझिशन हे धर्मन्यायालय आपल्या राज्यातून बंद केले.

त्याच्या राज्यारोहणापूर्वी एकच वर्ष, १७६४ मध्ये, मिलानच्या चेझारे बेकारिया या तरुण विचारवंताचा गुन्हे व शिक्षा यांवरील ग्रंथ टस्कनीच्याच लिव्होर्नो बंदरात छापला गेला होता. भीतीपोटी त्यावर लेखकाचे नाव घातलेले नव्हते. गुन्ह्याला आळा बसतो तो शिक्षेच्या क्रौर्यापेक्षा तिच्या निश्चिततेमुळे, आणि हत्येला गुन्हा ठरविणाऱ्या राज्याने स्वतःच हत्या करणे विसंगत आहे, असे बेकारियाचे प्रतिपादन होते. रोमच्या धर्मपीठाने १७६६ मध्ये हा ग्रंथ निषिद्ध ठरविला. लिओपोल्डने मात्र त्यातील विचार राज्यकारभारात उतरविला.

त्याने घाई केली नाही. कायदा बदलण्यापूर्वी अनेक वर्षे शिक्षा सौम्य करून त्याने परिणाम पाहिला. तपास तत्पर आणि शिक्षा निश्चित असेल, तर सौम्यतेने गुन्हे वाढत नाहीत, उलट घटतात, असा अनुभव त्याला आला. तोच आधार धरून ३० नोव्हेंबर १७८६ रोजी पिसा येथे त्याने ११९ कलमांच्या नव्या दंडसंहितेवर स्वाक्षरी केली. तिने देहदंड, आरोपीचा शारीरिक छळ आणि मालमत्तेची जप्ती रद्द केली. अपराधी हासुद्धा समाजाचेच लेकरू आहे, त्याला सुधारणे हे शिक्षेचे एक प्रयोजन आहे, ही दृष्टी तिच्यात होती. निरपराध असूनही खटल्यात भरडल्या गेलेल्या माणसास भरपाई मिळावी, म्हणून दंडाच्या रकमेतून निधी उभारण्याचीही तिच्यात तरतूद होती.

या चरित्राचा उत्तरार्ध दुःखद आहे. १७९० मध्ये थोरला भाऊ सम्राट जोसेफ निवर्तला आणि लिओपोल्डला व्हिएन्नाला जावे लागले. त्याची पाठ फिरताच टस्कनीत दंगे उसळले. त्याच वर्षी जूनमध्ये दंगेखोरांच्या म्होरक्यांसाठी त्याने स्वतःच देहदंड पुन्हा लागू केला. १ मार्च १७९२ रोजी, वयाच्या ४४ व्या वर्षी, तो मरण पावला. पुढे त्याच्या मुलाने १७९५ मध्ये या शिक्षेची व्याप्ती आणखी वाढविली.

परंतु पेरलेले बीज वाया गेले नाही. १८५९ मध्ये टस्कनीच्या हंगामी सरकारने देहदंड पुन्हा रद्द केला. इटली एक झाल्यावरही टस्कनीने तो स्वीकारला नाही. अखेर १८८९ च्या दंडसंहितेने संपूर्ण इटलीनेच टस्कनीचा मार्ग पत्करला. आजही तेथे ३० नोव्हेंबर हा दिवस साजरा होतो.

आपल्या संविधान सभेतही जून १९४९ मध्ये बाबासाहेब आंबेडकरांनी, अहिंसेला नैतिक आदर्श मानणाऱ्या या देशाने देहदंडच रद्द करावा, असे मत मांडले होते. ते आजवर प्रत्यक्षात आलेले नाही. लिओपोल्डच्या जीवनातून एक गोष्ट स्पष्ट होते. राजाच्या करुणेने दिलेला कायदा राजाच्या भीतीने परत घेतला जाऊ शकतो. तो टिकवायचा असेल, तर ती करुणा जनतेच्या अंगी मुरावी लागते.