घरातल्या भांडणांची लेखिका : कुनिको मुकोदा

जपानी सिनेमा म्हटलं की आपल्या हॉस्टेलवर पहिलं नाव कुरोसावाचं निघतं. तलवारी, घोडे, धो धो पाऊस! मला मात्र कुनिको मुकोदांबद्दल लिहायचंय. त्यांच्या टीव्ही मालिकांत यातलं काही नाही. एक घर, जेवणाचं टेबल आणि त्याभोवती भांडणारी माणसं, बस्स.

त्यांचा जन्म 1929 साली टोकियोत झाला. वडील विमा कंपनीत, त्यामुळे सतत बदल्या आणि सतत नवी शाळा. वडील भयंकर तापट. पण 1945 साली बॉम्बहल्ल्यांमुळे सगळ्यात धाकट्या मुलीला गावाकडे पाठवायची वेळ आली, तेव्हा त्यांनी एक गोष्ट केली. तिला अजून लिहिता येत नव्हतं. म्हणून घरचा पत्ता घातलेली पोस्टकार्डांची थप्पी तिच्याजवळ दिली आणि सांगितलं, बरी असलीस की नुसता गोल काढून टाकत जा. पहिल्या कार्डावर कार्डभर मोठा गोल आला. मग गोल लहान लहान होत गेले, नंतर फुली आली आणि पुढे कार्डंच बंद झाली. आजारी पोरीला घरी आणलं त्या दिवशी वडील अनवाणी बाहेर धावले आणि तिला जवळ घेऊन रडले. प्रेम आहे, पण ते ओरडण्याशिवाय दाखवता येत नाही, असा बाप कुनिकोंनी पुढे आयुष्यभर लिहिला.

कॉलेजनंतर 1952 पासून त्या एका सिनेमासिकात संपादनाचं काम करायच्या. जोडीला रेडिओ आणि टीव्हीसाठी लेखन सुरू झालं. 1974 ची 'तेराउची कान्तारो इक्का' ही मालिका खूप गाजली. तिच्यातला संतापी पाथरवट त्यांच्या वडिलांवरूनच घेतलेला.

1975 मध्ये कॅन्सरचं ऑपरेशन झालं आणि उजवा हात चालेना. लेखकाचा उजवा हात! त्या डाव्या हाताने लिहायला लागल्या. त्यातून वडिलांवरचे लेख आले, त्यांचं पुस्तक झालं. मग 1979 मध्ये 'आशुरा नो गोतोकु' आली. म्हाताऱ्या वडिलांचं बाहेर दुसरं घर आहे हे चार बहिणींना कळतं, एवढीच गोष्ट. 1980 मध्ये कथांसाठी नाओकी पारितोषिक मिळालं.

आणि 22 ऑगस्ट 1981 ला तैवानमध्ये त्यांचं विमान हवेतच फुटलं. 110 जण गेले. कुनिको तेव्हा 51 वर्षांच्या होत्या. चौकशीत कारण निघालं ते विमानाच्या पोटाकडच्या पत्र्याला लागलेला गंज. करोजन आपण दहा मार्कांसाठी पाठ करतो. हे वाचल्यावर तो चॅप्टर मला तसा वाचता येत नाही.

1982 मध्ये त्यांच्या नावाने टीव्ही लेखकांसाठी पुरस्कार सुरू झाला. 2025 मध्ये 'आशुरा' पुन्हा नव्याने बनली, दिग्दर्शक कोरे-एदा. एवढ्या वर्षांनीही त्या चार बहिणींचं भांडण जुनं वाटत नाही. मित्रांनो, एखाद्या रविवारी तलवारी बाजूला ठेवा आणि हे बघा. बघून झाल्यावर घरी फोन लावावासा वाटेल.