संत जनाबाई

संत जनाबाई (निधन : आषाढ वद्य त्रयोदशी, शके १२७२, इ.स. १३५०) या वारकरी संप्रदायातील संत कवयित्री होत. संत नामदेवांच्या घरी त्यांनी दासी म्हणून आयुष्य काढले. दळण, कांडण, झाडलोट अशी कामे करीत त्यांनी रचलेले सुमारे ३५० अभंग त्यांच्या नावावर आहेत. स्वतःच्या मनाशी आणि विठ्ठलाशी चाललेला एकांतातील संवाद हे या रचनेचे प्रमुख वैशिष्ट्य होय.

जीवन

जनाबाईंचा जन्म परभणी जिल्ह्यात गोदावरीच्या काठी वसलेल्या गंगाखेड येथे झाला. दमा हे त्यांचे वडील आणि करुंड ही आई. दोघेही विठ्ठलभक्त होते. आईचे छत्र लहानपणीच हरपल्यावर वडिलांनी मुलीला पंढरपूरच्या दामाशेटी शिंपी यांच्या स्वाधीन केले, असे परंपरा सांगते. दामाशेटी हे नामदेवांचे वडील. या घरात गोणाई, राजाई, नामदेवांची बहीण आऊबाई, मुलगे व सुना असा मोठा परिवार होता. घरातील कष्टाची कामे जनाबाईंच्या वाट्याला आली आणि घरातील कीर्तनाचा लाभही त्यांना झाला. नामदेवांना त्यांनी गुरू मानले. ज्ञानेश्वर, सोपान, मुक्ताबाई, चोखामेळा, गोरा कुंभार या संतांच्या मेळ्याविषयीचा जिव्हाळा त्यांच्या अभंगांतून व्यक्त होतो.

नामदेवांनी शतकोटी अभंगांचा संकल्प केला व घरातील प्रत्येकाने त्यातील वाटा उचलला, अशी परंपरा आहे. त्या वाटेकऱ्यांत दासी असलेल्या जनाबाईंचीही गणना होते. जातीने आणि स्थानाने खालच्या मानल्या गेलेल्या स्त्रीला कवित्वाचा हा अधिकार मिळणे, ही त्या काळी असाधारण गोष्ट होती.

अभंगरचना

जनाबाईंच्या अभंगांत नाममुद्रेच्या जागी नामदेवांचे नाव आधी येते आणि मग त्यांची दासी म्हणून जनीचे. या नम्र मुद्रेआड एक निर्भय व्यक्तिमत्त्व आहे. आई नाही, बाप नाही, आपले म्हणावे असे कोणी नाही, हा एकटेपणा त्या लपवीत नाहीत. मात्र त्या त्यातच रुतून राहत नाहीत. ज्याला आपले दुःख सांगावे असा सखा त्यांना विठ्ठलात सापडतो. तो कधी आई होतो, कधी कामाला हातभार लावणारा सोबती. त्याच्यावर त्या रुसतात, रागावतात, प्रसंगी त्याला शिव्याही देतात. एका प्रसिद्ध अभंगात विठ्ठल हा संतरूपी लेकरांना अंगाखांद्यावर वागवणारा कुटुंबवत्सल पिता झाला आहे. दुसऱ्या एका अभंगात लोकलाज सोडून, हाती टाळ घेऊन भर बाजारात जाण्याचा निर्धार आहे. स्त्रीजन्म मिळाला म्हणून खेद करू नये, असेही त्यांनी सांगितले आहे.

आत्मस्वरूपाचा शोध घेणारे, योगमार्गाची परिभाषा वापरणारे अभंगही त्यांच्या नावावर आहेत. याशिवाय कृष्णजन्म, बाळक्रीडा, हरिश्चंद्राख्यान व थाळीपाक हे विषय त्यांनी हाताळले. थाळीपाकाच्या रचनेपासून पुढे कवी मुक्तेश्वरांना स्फूर्ती मिळाली असे मानले जाते.

आख्यायिका

विठ्ठल जनाबाईंसोबत दळू लागतो, ही कथा सर्वपरिचित आहे. देवाच्या गळ्यातील पदक चोरल्याचा आळ त्यांच्यावर आला, सुळाची शिक्षा झाली आणि सुळाचे पाणी झाले, अशीही कथा सांगतात. त्यांनी थापलेल्या गोवऱ्यांतून विठ्ठलनाम ऐकू येई व कबीरांनी त्याची प्रचिती घेतली, ही कथा लोकप्रिय असली तरी कबीर हे त्यांच्यानंतर सुमारे शतकभराने होऊन गेले. महिपतींच्या 'भक्तविजय' (इ.स. १७६२) या ग्रंथाने संतांच्या अशा कथा घरोघरी पोहोचवल्या. चमत्कार बाजूला ठेवले तरी या कथांचा गाभा उरतो : जात्यावर एकटीने बसणारी, चोरीचा संशय जिच्यावर सहज घेतला जाई अशी एक मोलकरीण, आणि तिची बाजू घेणारा देव.

निधन

नामदेव व त्यांच्या परिवारासह जनाबाईंनीही पंढरपूरच्या महाद्वारी एकाच दिवशी समाधी घेतली, अशी वारकऱ्यांची श्रद्धा आहे.

वारसा

जनाबाईंचे अभंग नामदेवांच्या गाथेसोबत आणि 'सकलसंतगाथे'त छापले गेले. परंतु त्याआधी कित्येक शतके ते कीर्तनांतून व स्त्रियांच्या कंठातून टिकून राहिले. पहाटे दळताना बायका ज्या ओव्या गात, त्यांत जनी आणि विठ्ठल यांची जोडी वारंवार येते. मूळचे फ्रान्सचे गी प्वातवँ आणि हेमा राईरकर यांनी महाराष्ट्रातील खेड्यांतून अशा एक लाखाहून अधिक ओव्या जमवल्या. अक्षरओळख नसलेल्या बायकांनी जनाबाईंचे काव्य केवळ पाठ केले नाही. आपल्या सासुरवासाची, कष्टांची भर घालून त्यांनी ते पुढे नेले. त्यामुळे जनाबाईंचे स्वतःचे शब्द आणि लोकांनी जोडलेले शब्द निराळे करणे अभ्यासकांना अवघड जाते.

गंगाखेड येथे जनाबाईंचे मंदिर आहे. पंढरपूरजवळच्या गोपाळपूर येथे त्यांचे म्हणून मानले जाणारे जाते दाखवले जाते. पिठाच्या गिरण्या आल्यावर घरोघरची जाती थांबली, पण जात्यावर सुचलेले हे अभंग अजूनही आकाशवाणीवर, भजनी मंडळांत आणि वारीच्या वाटेवर ऐकू येतात.