मोलमपल्लीचे बाबुराव शेडमाके

चंद्रपूर व गडचिरोली येथील रानांत ज्या जमीनदाराचे नाव घरोघर ठाऊक आहे, त्याचा वृत्तान्त आम्ही वाचकांपुढे थोडक्यात ठेवितो.

बाबुराव १८३३ साली राजगोंड घराण्यात जन्मले. अहेरीकडील मोलमपल्लीची जमीनदारी त्या घराण्याची होती. १८५४ साली इंग्रजांनी नागपूरचे राज्य खालसा केले, आणि चांदा त्यांच्या अमलाखाली गेला. १८५८ च्या मार्चात बाबुरावांनी गोंड व रोहिले जमवून राजगड परगणा घेतला. अडपल्लीचे जमीनदार व्यंकटराव त्यांस मिळाले. एप्रिलात प्राणहितेकाठी चुंचगुंडी येथे तारखात्याचे दोन इंग्रज त्यांच्या लोकांनी मारिले. त्या हत्येचे समर्थन आम्ही करीत नाही.

सरकारी फौजेस बाबुराव रानात सापडेनात. अखेर सप्टेंबरात अहेरीच्या जमीनदारीण लक्ष्मीबाई यांनी त्यांस धरून दिले. २१ ऑक्टोबर १८५८ रोजी चांदा येथे त्यांस फाशी झाली. वय अवघे पंचवीस वर्षांचे. व्यंकटरावांची अडपल्ली व घोट येथील सदुसष्ट गावे लक्ष्मीबाईंस बक्षीस मिळाली.

वाचकहो, जमीनदाऱ्या आता उरल्या नाहीत, ती सदुसष्ट गावेही कोणा एकाची राहिली नाहीत. परंतु शेजाऱ्यास धरून दिल्याची आठवण मात्र रानातील लोकांनी अजून जपून ठेविली आहे.