लीलावतीकार भास्कराचार्य

भास्कराचार्यांचा जन्म शके १०३६, म्हणजे इ. स. १११४ मध्ये झाला. वडील महेश्वर हेच त्यांचे गुरू. वयाच्या छत्तिसाव्या वर्षी त्यांनी ‘सिद्धान्तशिरोमणी’ हा ग्रंथ रचला. ‘लीलावती’ हा त्याचाच अंकगणिताचा भाग. लीलावती ही त्यांची कन्या असे सांगतात. पण ती दंतकथाच समजावी.

अपूर्णांकाने भागताना भाजकाचे अंश व छेद यांची अदलाबदल करून गुणावे, ही आपल्या परिचयाची रीत या ग्रंथात आहे. त्यातील कृपणाचे उदाहरण तर फारच मार्मिक आहे. एका कृपणाने याचकाला द्रम्म या नाण्याच्या निम्म्याच्या दोन तृतीयांशाच्या तीन चतुर्थांशाचा पाचवा हिस्सा काढला. त्याचाही सोळावा भाग घेऊन त्यातला चौथा हिस्सा तेवढा दिला. मग याचकाला किती कवड्या मिळाल्या? सर्व अंशांचा गुणाकार ६, छेदांचा ७६८०. म्हणजे द्रम्माचा १/१२८० भाग. त्या काळी १६ पणांचा एक द्रम्म, ४ काकिणींचा एक पण आणि २० कवड्यांची एक काकिणी होई. म्हणजे द्रम्माच्या कवड्या १२८०. एवढ्या हिशेबाअंती याचकाच्या हाती पडली एक कवडी!

भास्कराचार्यांचे नातू चांगदेव यादव राजा सिंघण याच्या पदरी ज्योतिषी होते. आजोबांच्या ग्रंथांचे अध्यापन चालावे म्हणून त्यांनी चाळीसगावजवळच्या पाटण येथे मठ स्थापला. तेथील शिलालेखाचा अखेरचा भाग जुन्या मराठीत आहे. पाटणच्या बाजारात विकल्या जाणाऱ्या मालावर राजाला मिळणारा ग्राहकांकडील कर या मठाला दिल्याची नोंद त्यात आढळते.