लॉर्ड किलसँट
ओवेन कॉस्बी फिलिप्स, पहिले बॅरन किलसँट (२५ मार्च १८६३ – ५ जून १९३७) हे ब्रिटिश जहाज-उद्योजक व संसद सदस्य होते. रॉयल मेल स्टीम पॅकेट कंपनीचे अध्यक्ष या नात्याने त्यांनी त्या काळातील जगातील सर्वांत मोठ्या जहाजसमूहांपैकी एक उभा केला. कंपनीच्या माहितीपत्रकातील दिशाभूल करणाऱ्या मजकुराबद्दल १९३१ मध्ये त्यांना तुरुंगवासाची शिक्षा झाली. कंपनीच्या नावाने प्रसिद्ध झालेल्या दस्तऐवजाबद्दल संचालक व्यक्तिशः फौजदारी गुन्ह्यास पात्र ठरतो काय, या प्रश्नाच्या इतिहासात हा खटला महत्त्वाचा मानला जातो.

जन्म आणि पूर्वायुष्य
फिलिप्स यांचा जन्म इंग्लंडमधील विल्टशर परगण्यातील वॉरमिन्स्टर येथे झाला. त्यांचे वडील सर जेम्स फिलिप्स हे तेथील धर्मगुरू होते. घराण्याकडे सरदारकी होती, परंतु संपत्ती फारशी उरलेली नव्हती. ओवेन यांनी न्यूकॅसल येथील एका जहाज पेढीत उमेदवारी केली आणि नंतर ग्लासगो येथे नोकरी केली. पुढे थोरले बंधू जॉन यांच्या साहाय्याने त्यांनी स्वतःचा जहाज व्यवसाय सुरू केला. १९०२ मध्ये त्यांचा विवाह झाला. त्यांना तीन मुली झाल्या.

उद्योग आणि राजकारण
१९०३ मध्ये ते रॉयल मेल कंपनीचे अध्यक्ष झाले. १८३९ मध्ये राजसनदेने स्थापन झालेली ही कंपनी त्या वेळी अडचणीत होती. फिलिप्स यांनी तिला सावरले आणि पॅसिफिक स्टीम नॅव्हिगेशन, एल्डर डेम्स्टर, लॅम्पोर्ट अँड होल्ट, युनियन-कॅसल अशा कंपन्या एकामागून एक ताब्यात घेतल्या. १९२४ मध्ये लॉर्ड पिरी यांच्या निधनानंतर बेलफास्ट येथील हारलँड अँड वुल्फ या जहाजबांधणी कंपनीचे अध्यक्षपदही त्यांच्याकडे आले. १९२७ च्या प्रारंभी सुमारे ७० लाख पाउंडांना घेतलेली व्हाइट स्टार लाइन समूहात दाखल झाली.

ते १९०६ ते १९१० या काळात उदारमतवादी पक्षाचे आणि १९१६ ते १९२२ या काळात हुजूर पक्षाचे संसद सदस्य होते. १९२३ मध्ये त्यांना बॅरन किलसँट ही पदवी मिळाली.

समूहातील कंपन्यांकडे परस्परांचे भाग होते आणि एकीची कर्जे दुसरीच्या आधारावर उभी होती. त्यामुळे संपूर्ण समूहाचे खरे चित्र कोणत्याही एका ताळेबंदात दिसत नसे.

गुप्त राखीव निधी
पहिल्या महायुद्धाच्या काळात जहाज कंपन्यांना मोठा नफा झाला. त्यावरील कर भरण्यासाठी रॉयल मेलने मोठ्या रकमा बाजूला ठेवल्या होत्या. प्रत्यक्षात कर कमी भरावा लागला आणि उरलेली रक्कम गुप्त राखीव निधीत राहिली. १९२१ पासून वाहतुकीचे दर कोसळले व कंपनीला व्यवसायातून नफा होईनासा झाला. तरीही १९२१ ते १९२७ या वर्षांत या निधीतील रकमा नफ्याच्या खात्यात आणल्या गेल्या आणि लाभांश वाटला गेला. वार्षिक हिशेबात करविषयक राखीव रकमांच्या समायोजनाचा त्रोटक उल्लेख असे, मात्र किती रक्कम कोठून आली हे सांगितले जात नसे. अशी प्रथा त्या काळी अनेक प्रतिष्ठित कंपन्यांत होती.

१९२८ चे माहितीपत्रक
१९२८ मध्ये कंपनीने २० लाख पाउंडांचे ५ टक्के व्याजाचे कर्जरोखे विक्रीस काढले. त्यांचे वार्षिक व्याज १ लाख पाउंड होत होते. मागील दहा वर्षांची सरासरी शिल्लक या व्याजाच्या पाच पटींहून अधिक आहे, असे माहितीपत्रकात नमूद होते. सोबत १९११ पासूनच्या लाभांशांचा तक्ता होता. हे आकडे खरे होते. परंतु दहा वर्षांची सरासरी युद्धोत्तर तेजीच्या वर्षांमुळे फुगली होती आणि त्यानंतरचे लाभांश जुन्या निधीतून दिलेले होते. पैसे गुंतवणाऱ्यास हे कळण्याचा कोणताही मार्ग माहितीपत्रकात नव्हता.

चौकशी आणि खटला
१९२९ मध्ये सरकारी हमीच्या कर्जांची मुदत वाढवून मागितली असता शासनाने सर विल्यम मॅक्लिंटॉक यांच्याकडून हिशेबांची तपासणी करवली. तीत गुप्त निधीचा वापर उघड झाला आणि समूहाचे नियंत्रण किलसँट यांच्या हातून गेले.

जुलै १९३१ मध्ये लंडनच्या ओल्ड बेली न्यायालयात न्यायमूर्ती राइट यांच्यापुढे खटला चालला. सरकारतर्फे सर विल्यम जोविट आणि किलसँट यांच्यातर्फे सर जॉन सायमन उभे होते. १८६१ च्या चोरीविषयक कायद्याच्या ८४ व्या कलमानुसार, फसवण्याच्या हेतूने महत्त्वाच्या बाबतीत खोटे लेखी निवेदन प्रसिद्ध करणारा संचालक गुन्हेगार ठरत असे. पहिले दोन आरोप १९२६ व १९२७ च्या वार्षिक हिशेबांबाबत होते. त्यांत लेखापरीक्षक हॅरोल्ड मोरलंड हे साहाय्य केल्याबद्दल सहआरोपी होते. तिसरा आरोप माहितीपत्रकाबाबत होता व तो केवळ किलसँट यांच्यावर होता. प्रसिद्ध लेखापाल लॉर्ड प्लेंडर यांनी गुप्त निधीची प्रथा सर्वमान्य असल्याची साक्ष दिली.

ज्यूरीने पहिल्या दोन आरोपांतून दोघांनाही मुक्त केले. तिसऱ्या आरोपात किलसँट दोषी ठरले आणि त्यांना १२ महिन्यांच्या तुरुंगवासाची शिक्षा झाली. कंपनीचे पैसे स्वतःच्या खिशात घातल्याचा आरोप त्यांच्यावर कधीच नव्हता. नोव्हेंबर १९३१ मध्ये अपील फेटाळले गेले. दस्तऐवजातील प्रत्येक विधान खरे असले, तरी जे गाळले आहे त्यामुळे संपूर्ण दस्तऐवज खोटा ठरू शकतो, हे तत्त्व अपील न्यायालयाने मान्य केले.

अखेरची वर्षे
वर्मवुड स्क्रब्स तुरुंगातून ऑगस्ट १९३२ मध्ये त्यांची सुटका झाली. बॅरन ही पदवी कायम राहिली, पण सेंट मायकेल आणि सेंट जॉर्ज हा सन्मान काढून घेण्यात आला. जुना समूह मोडून १९३२ मध्ये रॉयल मेल लाइन्स ही नवी कंपनी स्थापन झाली, तर व्हाइट स्टार लाइन १९३४ मध्ये क्युनार्डमध्ये विलीन झाली. वेल्समधील कारमार्थनशर येथे किलसँट यांचे निधन झाले. मुलगा नसल्याने त्यांची पदवी संपुष्टात आली.

खटल्याचे महत्त्व
वार्षिक हिशेबांबाबत सुटका आणि माहितीपत्रकाबाबत शिक्षा, या निकालाने कायद्यातील उणीवही दाखवून दिली. प्रचलित प्रथेच्या आड भागधारकांपासून जे लपवता येत होते, तेच नव्या गुंतवणूकदारापासून लपवणे गुन्हा ठरले. ब्रिटनमध्ये १९४७ च्या कंपनी कायद्याने राखीव निधीतील रकमा हिशेबात स्पष्ट दाखवण्याचे बंधन घातले.

भारताच्या १९५६ च्या कंपनी कायद्यातही हाच विचार आढळतो. ६५ व्या कलमानुसार, मांडणी व संदर्भामुळे दिशाभूल करणारे विधान असत्य समजले जाई आणि दिशाभूल करणारी वगळणूकही त्यात येई. ६३ व्या कलमानुसार, असे माहितीपत्रक काढण्यास संमती देणाऱ्या प्रत्येक व्यक्तीस दोन वर्षांपर्यंत कारावास होऊ शके. मात्र विधान खरे असल्याचे मानण्यास सबळ कारण होते, असे सिद्ध करणाऱ्यास संरक्षण होते. २०१३ च्या कायद्याच्या ३४ व्या कलमाने ही जबाबदारी कायम ठेवली असून ती फसवणुकीच्या ४४७ व्या कलमाशी जोडली आहे. त्यात गंभीर प्रकरणी दहा वर्षांपर्यंत कारावासाची तरतूद आहे.